रिकाम्या तांब्यातलं पाणी

रफिक, ती क्लिप करप्ट झाली नव्हती.

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. घरी नाही, शमीमभाभीला नाही, तुला तर नाहीच. आठ वर्षं मी एकच वाक्य घोकत आलो, 'कार्डानं दगा दिला', आणि ते इतकं गुळगुळीत झालं की शेवटी शेवटी मलाही ते खरंच वाटायला लागलं होतं. कार्डानं काही केलं नव्हतं. ते चांगलं होतं, आजही आहे. दगा दिला तो मी.

तुला जाऊन आज बारा दिवस झाले. तिसऱ्या दिवशी जियारतीच्या फातिह्याला मी आलो होतो. कोपऱ्यात बसलो, जेवलो, हात धुतले आणि कुणाशी न बोलता निघालो. बाहेर एका साप्ताहिकवाल्यानं गाठलं. म्हणाला, तुमी त्यांचे जुने दोस्त, रफिकभाईंवर दोन शब्द लिहून द्या, जन्म कधीचा, शिक्षण किती, सत्कार कुठं कुठं झाले, सगळं येऊ द्या. मी हो म्हणालो. काल लिहायला बसलो तर पहिलं वाक्य हे वरचं आलं. तुझी खरी जन्मतारीख मला ठाऊक नाही. तुलाही नव्हती. गुरुजींनी वर्गातल्या सगळ्यांना एकच तारीख वाटली होती, त्यात तुझी न् माझी एकच. आणि सत्कार तुझा एकदाच झाला, तोही मीच शूट केला, त्यात तू कमी आणि नारळ देणारे जास्त दिसतात. तेव्हा हे त्याला छापायचं तर छापू दे, नाहीतर राहू दे. मला तुझ्याशी बोलायचंय.

माझा धंदा तुला माहीत आहे, पण हे वाचणाऱ्याला माहीत नसेल म्हणून सांगतो. मी लग्नाचा शूटिंगवाला. चौसाळ्यात दुकान. पंचवीस वर्षांत किती हळदी, किती मंगलाष्टका टिपल्या त्याची गणती नाही. आपल्याकडच्या लग्नात कॅमेरेवाल्याला एक गोष्ट आधी शिकावी लागते, आणि ती मी मार खाता खाता शिकलो. धंद्यातलं दुसरंच वर्ष होतं. अंतरपाट धरलेला, नवरीच्या डोळ्यांत पाणी, मी ते जवळून घेत होतो. तेवढ्यात मांडवात एक पुढारी आले, आणि माझा कॅमेरा नवरीवरच राहिला. कॅसेट बघून नवरीचा बाप दुकानात येऊन बसला. आवाज चढवला नाही, पण हलेचना. म्हणाला, "पोरीला तर आमी रोज बघतो. साहेब काय रोज येतेत व्हय?"

त्या दिवसापासून माझ्या हाताला सवय लागली. मांडवात काहीही चाललेलं असो, मागं गाडीचं दार वाजलं की कॅमेरा तिकडं. डोकं विचार करत नाही. मान वळायच्या आधी हात वळतो.

त्याच हातात तू तुझी फिल्म दिलीस.

तुला मी सांगितलंही होतं की मला लग्नाशिवाय काही येत नाही. तू म्हणालास, "मला तरी काय येतं बे? मोटारीचं वाइंडिंग." पण तुला येत होतं. दिवसभर जळलेल्या मोटारीतली तांब्याची तार उपसायची, नवी भरायची, अंगाला वार्निशचा वास; आणि डिसेंबर-जानेवारी आला, शाळांची गॅदरिंगं सुरू झाली, की तू मिस्त्रीचा सर व्हायचास. पंधरा-वीस शाळांचे नाच तू बसवायचास. गावात तुझी चेष्टा व्हायची. कुणी मोटार घेऊन आलं की मुद्दाम विचारायचं, मिस्तरी, आदी नाचून दाखिवता का मोटार बघता? तू हातातला पाना खाली न ठेवता दोन पावलं टाकून दाखवायचास आणि म्हणायचास, "दाखिवलं. आता मोटारीचे जास्त पडतील." अब्बा मात्र तू स्टेजवर चढल्यापासून तुझ्याशी महिना-महिना बोलायचे नाहीत. त्याबद्दल तू माझ्याजवळही काही बोलला नाहीस.

फिल्म डोक्यात कधी आली ते मला माहीत आहे, कारण मी तिथं होतो. आपण दोघं विशीत. अब्बांच्या दुकानासमोर हायवेवर ऊसतोडीला निघालेला ट्रॅक्टर कलंडला. ट्रॉलीत भांडीकुंडी, शेळ्या, पोरंबाळं, आणि एक नवी जोडी. ऊसतोडीच्या हिशेबात नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. त्या पोरांचा कोयता महिन्याभराचाही नव्हता. पोराला उचलून आपण तुमच्या दुकानाच्या ओट्यावर ठेवलं. मी जीप बघायला पळालो. येऊन बघतो तर सगळं संपलेलं, पण ती पोरगी रडत नव्हती. त्याचा हात उचलायची, छातीवर ठेवायची. नीट दिसत नाही असं वाटून बाजूला ठेवायची. पुन्हा उचलायची. बाया गळा काढत होत्या आणि त्या गलक्याच्या मधोमध ती एकटी गप्प. तू खांबाला टेकून तिच्या हातांकडं बघत होतास. कितीतरी महिन्यांनी मला म्हणालास, "ती कायच बोलली न्हाई दत्त्या. नुसते हात. पन मला सगळं कळालं."

मग दुसरी गोष्ट घडली ती शिरूर कासारच्या शाळेत. तिथं निम्म्या पोरांचे आईबाप तोडीला गेलेले असतात, पोरं वसतिगृहात. तुझी तालीम चालू होती आणि लाईट गेली. गाणं बंद. मी गॅदरिंगच्या शूटिंगचं ठरवायला आलो होतो, मला वाटलं आता पोरं बसतील. एकही थांबलं नाही. गाण्याशिवाय सगळा नाच त्यांनी शेवटापर्यंत नेला, आणि खरं सांगतो, मला ते बघवेना. स्टेजवर हसत हसत नाचणारी तीच पोरं, पण चेहऱ्यावरचं हसू गाण्याबरोबर गेलं होतं, आणि खाली जे होतं ते दिसायला लागलं होतं. परत येताना गाडीवर तू मागून बोलत होतास. लाईट गेली की खरं नाचतेत ही, असं म्हणालास. मग म्हणालास, आपण एक फिल्म करायची. एक पोरगा, एक पोरगी, आणि मरण. सगळा नाच. आवाज काहीच नाही.

"गाणं कुठलं?" मी विचारलं.

"गाणं न्हाई."

"बरं, नुसतं म्युझिक."

"म्युझिक बी न्हाई."

"पैंजणाचा तरी आवाज ठेव की."

"मरणाला पैंजण अस्तेत का बे?"

मी हसलो. तू हसला नाहीस. तेव्हा कळलं की तू हे करणार.

पोरगी मिळाली मनीषा, शिरूर कासारकडची, कॉलेजच्या पहिल्या वर्षाला, तुझ्याच गॅदरिंगमध्ये वाढलेली. पोरगा तेलगावचा बालाजी, लेझीमीत एक नंबर. फिल्मबाहेर दोघं एकमेकांशी चार शब्दसुद्धा बोलायची नाहीत, लाजायची. नाचायला लागली की मात्र मला कॅमेरा मागं घ्यावासा वाटायचा, आपण त्यांच्या घरात शिरलोय असं वाटायचं. तुझ्या मेव्हण्याच्या उसाच्या फडात आपण एक कोपी बांधली, तोडणीवाले बांधतात तशी, पाचटाची. ऊस तोडणं, मोळी बांधणं, ती डोक्यावर देणं, हेच तू नाचात घेतलंस. मोळी उचलून देताना दोघांचे हात एकमेकांना लागतात, तेवढंच त्यांचं प्रेम. मग पोरगा पडतो. आणि मरण येतं. मरण तूच झालास, दुकानातली बनियन आणि लुंगी घालून, बनियनवर वार्निशचे डाग तसेच. मी म्हणालो काळे कपडे घाल. तू म्हणालास, आपल्याकडं मरण काय शिवून घेऊन येतं का.

शेवटचा शॉट राहिला होता. मरण कोपीच्या दारात येतं, आत पोरगा पडलेला, पोरगी हात पसरून दारात आडवी उभी राहते, मरण तिला अलगद बाजूला सारून आत जातं. एवढाच. दिवाळी होऊन गेली होती, आणि त्याच दिवशी मनीषाच्या घरचे कर्नाटकात तोडीला निघाले होते. तिच्या भावजयीला दिवस गेले होते म्हणून कोयता पुरा करायला तिला कॉलेज सोडून जावं लागणार होतं. संसार भरलेला ट्रक हायवेवर थांबवून तिची आई तिला घेऊन फडात आली आणि बांधावर बसली. दोन तास मिळाले होते. तू दोघांनाही बजावलंस, आभाळ कोसळलं तरी थांबायचं नाही, पुन्हा घ्यायला वेळ नाही.

कॅमेरा चालू केला. तू आलास. तापलेल्या ढेकळांतून इतक्या हळू पावलांनी येणारा माणूस मी कधी बघितला नव्हता. मनीषा दारात उभी. आता ती हात पसरणार, म्हणून मी जरा मागं सरलो. तिनं हात पसरले नाहीत. ती वाकली, दाराशी ठेवलेला पाण्याचा तांब्या उचलला आणि तुझ्यापुढं धरला.

आणि माझ्या मागं गाडीचं दार वाजलं.

निवडणुकीचे दिवस होते. उमेदवार असलेले आपले साहेब दौऱ्यावर होते, कॅमेरा दिसला म्हणून गाडी बांधापाशी वळवली. मी एवढंच सांगू शकतो की मी ठरवून काही केलं नाही. डोळ्याला कळायच्या आत ट्रायपॉडवरचा कॅमेरा फिरला होता. साहेब उतरले, हात जोडले, हसले. कुणीतरी ओरडलं, साहेब, शूटिंग चालू हाय. ते आणखी नीट उभे राहिले. मग हात हलवून बसले आणि गाडी गेली. आणि तेव्हा मला कळलं मी काय केलंय. कॅमेरा परत फिरवला. भर उन्हात त्या छोट्या स्क्रीनवर काही दिसत नसतं, आणि मला बघायचंही नव्हतं. सगळी माणसं गाडीकडं बघत होती, माझ्याकडं कुणाचं लक्ष नव्हतं, असं मी धरून चाललो.

शॉट संपला आणि तू धावत आलास, घामानं निथळत.

"घेतलं का बे? पोरीनं काय केलं बघितलंस? मी सांगितलंच न्हवतं तिला."

मी म्हणालो, "घेतलं."

हायवेवर ट्रकनं हॉर्न दिला. मनीषा चपला हातात घेऊनच पळाली.

संध्याकाळी तुझ्या दुकानात येऊन मी ते वाक्य पहिल्यांदा म्हणालो. कार्डानं दगा दिला, क्लिप करप्ट झाली. तू मोटारीत तार भरत होतास. बराच वेळ भरत राहिलास. मग मान वर न करता विचारलंस, "मदला तुकडाच गेला का सगळंच?"

"सगळंच," मी म्हणालो.

हा प्रश्न मला तेव्हा कळला नाही. आता तो कानातून जात नाही.

पुढची आठ वर्षं आपण भांडत राहिलो. लोकांना वाटायचं आपण गाण्यावरून भांडतो. मी म्हणायचो, गाणं टाक, शेवटचा शॉट नसला तरी फिल्म पुरी होईल. तू म्हणायचास, गाणं लावलं की लोकं गाण्याला रडतेत, माणसाला न्हाई. मी म्हणायचो, आवाज नसला तर लोक म्हणतील पडदा बिघडला, उठून जातील. तू म्हणायचास, जाऊ दे. एकदा तर दुकानात गिऱ्हाइकं मोटारी घेऊन ताटकळत असताना आपण तासभर यावरच बोलत होतो. शेवटी एक म्हातारबा कंटाळून म्हणाले, "आरं, गाणं लावा न्हाईतर भजन लावा, पन माझी मोटार आदी करा."

माझ्या म्हणण्यात काय होतं ते आता सांगतो. मला गाण्याचं काही पडलेलं नव्हतं. लग्नाच्या मिक्सिंगमध्ये मी किती भोकं बुजवली आहेत. मधे फुलं टाकायची, धबधबा टाकायचा, वर गाणं सोडायचं, कुणाला काही कळत नाही. गाण्यात सगळं मुरतं. आवाज नसलेल्या फिल्ममध्ये मात्र भोक भोकच राहतं. म्हणून मला गाणं पाहिजे होतं. आणि तू माझं म्हणणं खरं धरून चाललास. माझ्यासमोर चार माणसांत सांगायचास, दत्त्याचं बी एक म्हणणं हाय, त्याच्या जागी त्यो बरोबर हाय. मी मान हलवायचो. चोराला सभेत बोलायला उभं केल्यासारखं व्हायचं, पण मी मान हलवायचो.

आणि तू तो शॉट मला करून दाखवायचास. दुकान रिकामं असलं की स्टुलावरचा तांब्या उचलून. "अशी वाकली बे ती. असा धरला. आन मग मी कसं नेऊ पोराला? दारात पाणी दिलं तिनं. पाणी पिऊन होईस्तोर तर थांबावंच लागतं का न्हाई?" मग तू तांब्या तोंडाला लावायचास आणि पीत राहायचास, खूप वेळ, आणि त्याच्या काठावरून माझ्याकडं बघायचास. मला वाटायचं तू कामात रंगलायस. मी घड्याळ बघायचो.

दुसऱ्या वर्षी मनीषाचं लग्न झालं. सासरचे नाचायला पाठवीनात. तिच्या जागी दुसरी पोरगी घेऊन शॉट करू म्हणालो तर तू म्हणालास, दुसरीला तांब्या द्यायला मी सांगावं लागंल.

मग तुझ्या किडन्या गेल्या. बीडला डायलिसिसला न्यायचं काम मी घेतलं. लोक म्हणाले, दोस्त असावा तर असा. मला ते ऐकवत नव्हतं. आठवड्यातून दोनदा, जायला पाऊण तास, यायला पाऊण तास, गाडीत आपण दोघंच. इतकी संधी परमेश्वर कुणाला देतो? प्रत्येक खेपेला मी ठरवून निघायचो. आज सांगायचंच. मग तू काहीतरी बोलायचास, किंवा डोळे मिटायचास, किंवा फाटा यायचा. तुला पाणी मोजून होतं. बाटलीवर भाभीनं पेनानं रेघ मारली होती, दिवसाला तेवढंच. उन्हाळ्यात तू ती बाटली मांडीवर धरून बसायचास आणि न पिता नुसती बघायचास. एकदा म्हणालास, "त्या दिवशी तांब्याभर पेलो बे दत्त्या. लई गार होतं."

मग बाटलीकडंच बघत, "काय सांगायचं हाय का तुला?"

"कशाबद्दल?"

"कशाबद्दल बी."

आणि मी काय म्हणालो? "गाणं लाव, अजून बी म्हणतो मी."

तू हसलास. खिडकीबाहेर बघत म्हणालास, "बरं." त्यानंतर तू मला कधी विचारलं नाहीस, कारण त्यानंतर एकच खेप झाली.

जियारतीहून परत आलो आणि ते कार्ड काढलं. कुठल्याशा लग्नातल्या अक्षतांच्या डबीत मी ते ठेवलं होतं. टाकून देता आलं नाही, आणि बघायची हिंमत झाली नाही. आठ वर्षांत पहिल्यांदा ते लावलं.

मनीषा तांब्या धरते. चित्र झटकन फिरतं. साहेब. त्यांचं हसू, त्यांचे हात, पांढरी गाडी, धूळ. पन्नास सेकंद. मग चित्र परत येतं.

आणि तू अजून पाणी पीत असतोस.

मला वाटलं होतं तोवर सगळं होऊन गेलं असेल. काही झालेलं नव्हतं. तू दारात उकिडवा, तांब्या तोंडाला लावलेला, गळ्याची घाटी हलतेय, पण तांब्या इतका उलटा झालाय की त्यात थेंबही नसणार हे कुणालाही दिसावं. मनीषालाही ते दिसलंय. तिचे डोळे तांब्यावरून आत पडलेल्या बालाजीवर जातात, परत तुझ्यावर येतात. मरण रिकामा तांब्या पितंय, कारण प्यायचं संपलं की पोराला न्यावं लागेल. आणि तू काठावरून सरळ कॅमेऱ्यात बघतोयस. मग सावकाश तांब्या खाली ठेवतोस आणि उठतोस. आत जाताना तिच्या डोक्यावरून हात फिरवतोस, आपल्याकडं सासरी निघालेल्या पोरीच्या डोक्यावरून फिरवतात तसा.

कॅमेरा फिरला हे तुला दिसलं होतं.

मला पटेना. दोन दिवस गेले. मग इकडून तिकडून मनीषाचा नंबर काढला. ती आता शिरूर कासारलाच असते, दोन लेकरं आहेत. तू गेल्याचं तिला सांगितलं. मग मी विचारलं, बाई, त्या दिवशी तांब्या दिलास त्यानंतर काय झालं ते आठवतं का? मी पुढं काही सांगायच्या आधीच ती म्हणाली,

"तुमी गाडीकडं फिरलते ना काका, तवा?"

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"आमाला दिसलं. मी थांबणार होते. सर तांब्याच्या आडूनच हळू बोलले, थांबू नको, दत्त्या येतोय परत. मग तुमी येईस्तोर ते पीतच राह्यले." पुढं म्हणाली, "सर म्हणलते हात पसरून आडवी उभी ऱ्हा. पन काका, दारात आलेल्याला पाणी दिल्याबिगर कसं आडवं व्हावं?" आणि मग तिनं विचारलं, "ते पिक्चर निघालंच न्हाई का हो? आमाला कुणी दाखिवलंच न्हाई."

म्हणजे जे मी आठ वर्षं छातीशी धरून बसलो होतो ते गुपितच नव्हतं. फडात उभ्या असलेल्या एका पोरीला ठाऊक होतं. तुला ठाऊक होतं. ज्याला ठाऊक नव्हतं असा मीच एकटा.

रफिक, मला तुझा राग येतोय. मेलेल्या माणसावर रागावू नये म्हणतात, पण येतोय. एकदा तरी कॉलर धरायची होतीस. एकदा म्हणायचं होतंस, दत्त्या, हरामखोरा, तू साहेबांकडं फिरलास. मी रडलो असतो, पाया पडलो असतो, मग कार्ड आणलं असतं आणि आपण दोघांनी ते लावून बघितलं असतं. आणि बघितलं असतं तर तिथल्या तिथं कळलं असतं की फिल्म पुरी आहे. माझ्यासाठी तू जे लांबवलंस तेच तिच्यातलं सगळ्यात मोठं काम आहे. तांब्यात पाणी असतं तर ते पाणीच राहिलं असतं. तू रिकामा तांब्या पीत राहिलास आणि त्या पोराला पन्नास सेकंद जास्त दिलेस. ते टिपलं गेलं होतं. डबीत होतं. चौसाळ्यात, माझ्या कपाटात, तुझ्या दुकानापासून चालत पाच मिनिटांवर. आणि तू ते न बघता गेलास.

पण तू विचारलंस की. 'मदला तुकडाच गेला का' म्हणून विचारलंस, गाडीत विचारलंस, तांब्या तोंडाला लावून किती वेळा विचारलंस. दार तू उघडंच ठेवलं होतंस, मीच आत आलो नाही. पन्नास सेकंद तू माझी वाट बघितलीस, आणि मग आठ वर्षं. एवढी वाट माझ्या बापानंही माझी बघितली नाही. याबद्दल तुझे आभार कसे मानतात ते मला माहीत नाही, आणि मानले तर तू चेष्टा करशील.

ते साहेब आता राजकारणात नाहीत. परवा एका लग्नात येऊन मागच्या खुर्चीत बसले होते. मी कॅमेरा त्यांच्याकडं वळवला नाही, आणि वळवला नाही याचं काही समाधानही वाटलं नाही.

भाभीला अजून सांगितलेलं नाही. हे छापून येण्याआधी जाऊन सांगणार आहे, कागद हातात देऊन पळणार नाही. मिक्सिंगला बसलो होतो काल. सगळे तुकडे लावले. मधले साहेब कापायला हात गेला, आणि तो मी मागं घेतला. ते कापले तर मी पुन्हा तेच केल्यासारखं होईल. लोक हसले तर हसू देत. तूही हसला असतास. त्या पन्नास सेकंदांनंतर तू अजून पीतच आहेस हे बघून त्यांचं हसू जाईल, नाही गेलं तर माझं नशीब.

गाणं टाकलेलं नाही. तू बरोबर होतास, आणि मला ते पहिल्या दिवसापासून माहीत होतं.

माझ्याकडून तुला एवढं देणं राहिलंय: बावीस मिनिटांची फिल्म, चौसाळ्याच्या मंगल कार्यालयात, आवाज बंद ठेवून, काहीही न कापता, भाभी, मनीषा आणि बालाजीला पुढच्या रांगेत बसवून दाखवायची, आणि ती सुरू व्हायच्या आधी उभं राहून कॅमेरा कुणी फिरवला ते सांगायचं. यातलं अजून मी काहीच केलेलं नाही.